राखीव आवाज

हॅलो?… हॅलो, कोण?… अगं संध्या, तू होय! बोल, बोल… नाही गं, कामात कसली, गूळ किसतेय. रविवारी हळदीकुंकू आहे ना, गुळाच्या पोळ्या करायच्यात. तीस बायका येणार… तीस! नेपरव्हिलमध्ये आता दगड भिरकावला तरी पुण्याच्याच बाईला लागतो…

थांब, थांब, एक मिनिट. ताई! अहो ताई, माझा आहे फोन! माझ्या बहिणीचा! पार्सिपनीहून!… हं, गेल्या वर. काही नाही गं, फोन वाजला म्हणून ओल्या केसांनी जिन्यात येऊन उभ्या राहिल्या. सांगते, सगळं सांगते…

आता तुझा आवाज का बारीक झाला? आई! आई, ठेवा तो फोन! संध्या आहे!… हं. ठेवला. ऐकलंस ना, क्लिक झालं ते? सासूबाई. यतीननं हौसेनं आईच्या उशाशी एक्स्टेन्शन लावून दिलंय. फोन वाजला की डाव्या हातानं उचलतात आणि नुसत्या ऐकत बसतात… अगं बोलता कुठे येतंय? लेकीचा असेल म्हणून उचलतात. बँकेचा असो, गालिचा धुणाऱ्याचा असो, उचलायचाच. आणि आज लेक घरात आहे तरी हाताची सवय जात नाही…

हो! तेच तर सांगतेय. नणंदबाई आल्यात… पद्मिनीताई गं, लंडनच्या. ऑपेरावाल्या… सकाळच्या गाडीनं. स्टेशनवर घ्यायला गेले, तर तोंडानं हॅलो नाही, हाय नाही. पाटी पुढे केली, त्यावर लिहिलेलं, 'हॅलो सुलेखा'… पाटी! अगं, खेळाच्या दिवशी बोलत नाहीत त्या. गळ्याला विश्रांती. संध्याकाळी सहापर्यंत एक शब्द नाही. आता माझ्या अनिकाची ती लहानपणीची चुंबकाची पाटी घेतलीय, मासा असलेली, ती गळ्यात अडकवून घरभर फिरतायत. 'चहात दूध नको.' 'हीटर कमी.' पुसायचं, परत लिहायचं. मला तर मुक्या मुलांच्या शाळेत नोकरी लागल्यासारखं झालंय…

शिकागोच्या ऑपेरात आहेत ना, दोन महिने झाले… काम म्हणजे, आता कसं सांगू तुला. कव्हर आहेत… कव्हर म्हणजे राखीव. मुख्य गाणारी बाई वेगळी. तिचं नाव बाहेर, तिचा हा एवढा फोटो. हिनं काय करायचं, तर तीन तासांचं सगळं इटालियन पाठ करायचं, तालमी करायच्या, हिच्या मापाचा झगासुद्धा शिवून टांगून ठेवतात. आणि रोज संध्याकाळी थिएटरच्या आसपास बसून राहायचं, मुख्य बाई आजारी पडतेय का बघत… नाही पडली तर काय? खोलीवर जायचं, अंडं उकडायचं, खायचं, झोपायचं…

हो ना! मांडवात दुसरी नवरी शालू नेसवून बसवून ठेवल्यासारखं. पहिली पळाली तर असू दे म्हणून… हसू नकोस गं, मलाही हसू येतंय आणि वर ऐकू जाईल… नऊ वर्षं. नऊ वर्षं हेच चाललंय. लंडन झालं, ग्लासगो झालं, आता इथे… एकदाही नाही! मोठ्या थिएटरात एकदाही उभी राहिली नाही. त्या मुख्य बायका म्हणजे कशा, दणकट. शिंकत नाहीत की खोकत नाहीत…

छे, आधी बरं चाललं होतं की. हे सगळे इंग्लंडात लेस्टरला होते तेव्हा शाळेत प्रार्थना म्हणायला उभी राहिली, तर पियानोच्या बाई घरी आल्या. सासऱ्यांना म्हणाल्या, डॉक्टर, मुलीच्या गळ्यात सोनं आहे. झालं! घरात तेव्हापासून दुसरा विषय नाही. यतीन बिचारा गणितात पहिला आला तरी त्या दिवशी जेवायला हिच्या आवडीची भाजी. मग लंडनचं कॉलेज. मग ती गावोगाव फिरणारी कंपनी, बसमधून सामान घेऊन. काय काय झाल्यात ऐक. मोलकरीण. दुसरी मोलकरीण. राणीची दाई. चेटकीण. आणि पोरगा… हो, पोरगा! हिचा आवाज जरा खालचा ना, तसल्या बायकांना म्हणे तंग विजार घालून तरण्या पोराचं काम देतात. खिडकीतून उडी मारायची. चाळिशीपर्यंत उड्या मारत होती…

सिनेमात? हो तर, तेही केलं. आधी टीव्ही. तिकडे एक हॉस्पिटलची मालिका होती, त्यात नर्स. अकरा भाग. अकराव्यात बसखाली गेली… अगं, मालिकेत! आणि मग तो हॉलिवूडचा सिनेमा. आम्ही बारा जणांना घेऊन गेलो होतो बघायला, समोसे बांधून. हिरो-हिरॉइन वर बॉक्समध्ये बसून भांडतायत, आणि खाली लांब स्टेजवर कोणीतरी निळ्या झग्यात गातंय. ती आमची ताई. पाठमोरी… नाही, वळतच नाही! चाळीस सेकंद, नुसती पाठ. यतीन अंधारात उठून ओरडतोय, 'दॅट्स माय सिस्टर!' आणि पुढचा माणूस म्हणतो, शूः. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं…

तोंड ना, तोंड एका जाहिरातीत दिसलं. रश्श्याची पावडर. डबा हातात धरून वरचा स्वर लावते आणि डब्याचं झाकण उडतं. लेस्टरला अजून तेवढ्यावरच ओळखतात म्हणे. 'ती झाकणवाली!'…

नाही गं, दुष्ट कसली, आहे ते सांगतेय. आणि तू हसलीस की. खरं सांग, हसलीस की नाही?…

आईला बघायला आल्या. दोन महिने तासाभरावर राहतायत, आज उगवल्या. का, तर आज शेवटचा खेळ, उद्या परत लंडन. त्यातही केवढे उपकार! खेळाच्या दिवशी थिएटरपासून अर्ध्या तासाच्या आत राहायचं असा म्हणे नियम आहे, तो मोडून आल्यात. सकाळी पाटीवर लिहून दाखवलं मला, 'आईसाठी'. चार पन्नासची गाडी धरून परत जाणार, मीच सोडायची स्टेशनवर. लंडनचा मोबाईल इथे चालत नाही, म्हणून थिएटरला आपला नंबर देऊन ठेवलाय… हो, हाच. आपण बोलतोय तोच…

बस गं, ठेवतेस कशाला? कॉल वेटिंग आहे की. कोणाचा आला तर मला कानात टुक टुक ऐकू येतं. आणि नऊ वर्षांत आला नाही तो फोन आज आपण बोलतोय तेवढ्यात येणार आहे?…

सासूबाई ना? आहेत तशाच. उजवी बाजू गेली ती गेली. आता एकच शब्द येतो तोंडून. तुला सांगितला नाही का मी? 'पद्मी.' बाकी सगळं पुसलं गेलं, तेवढं राहिलं. तहान लागली, पद्मी. पांघरूण हवं, पद्मी. कपडे ओले झाले, पद्मी. सहा वर्षं मी उचलते, मी पुसते, मी भरवते, आणि मला बघून म्हणतात काय? पद्मी… हो गं, मेंदूचं असतं ते, डॉक्टरांनी सांगितलंय मला. कळतं मला. पण कळतं म्हणून लागत नाही का? आणि दिवसभर ती टेप. नर्सची. अकरा भाग संपले की टेप गुंडाळून परत पहिल्यापासून लावायची, आणि लावणार कोण? मीच. मी सूप घेऊन समोर उभी असते, आणि त्यांची नजर माझ्या कमरेला वळसा घालून टीव्हीवर…

टुक झालं बघ. दुसरी लाइन… जाऊ दे, या वेळी ते फोन कंपनी बदला म्हणणारे असतात. हं, तर काय सांगत होते…

हो, आल्या आल्या बसल्या ना आईजवळ. हात धरून. बोलायचं नाही ना! त्या मुक्या, या मुक्या. टीव्हीवर ताईंची नर्स इंजेक्शन भरतेय, आणि दोघी मायलेकी बघतायत. मी दारात पोळी घेऊन उभी. सासूबाई म्हणाल्या, पद्मी. सहा वर्षांत पहिल्यांदा बरोबर बोलल्या. रडू आलं गं मला… नाही, आनंदानं नाही. खोटं कशाला सांगू, आनंदानं नाही आलं…

परत टुक. कोण हे चिकट? एक मिनिट धर हं, घेऊन टाकते…

हॅलो?… येस… नो, धिस इज हर सिस्टर-इन-लॉ, सुलेखा… ओ… ओ, आय सी… टुनाइट?… … नो. शी इज नॉट होम… आय डोन्ट नो. शी वेंट आउट… फोर थर्टी. ओके… येस, येस. आय विल टेल हर. बाय.

हं, संध्या. आहेस ना?… कोणी नाही गं. गालिचा धुणारे. तू बोल, तुझ्या सिद्धेशच्या परीक्षेचं काय म्हणत होतीस?… … माझा आवाज बारीक येतोय? तुझ्या कॉर्डलेसची बॅटरी गेली असेल. चार्जवर ठेवत नाहीस तू… थरथरतोय? माझा? नाही, काही नाही… संध्या, अगं… काही नाही म्हटलं ना…

थिएटरचा होता.

हो. थिएटरचा. मुख्य बाईच्या घशाला काहीतरी झालंय, दुपारपासून आवाजच फुटत नाहीये. आज हिला उभं करायचंय. साडेचारच्या आत उलटा फोन करायला सांगितलाय. नाही केला तर शहरात दुसरी एक बाई आहे, हेच काम पूर्वी केलेली, तिला बोलावतील… चार बारा. समोर घड्याळ आहे माझ्या, ओट्यावर…

अगं, वरच आहे. वाफ घेतेय बाथरूममध्ये. नळाचा आवाज येतोय मला इथे…

काय सांगू तुला का म्हणून! तोंडातून निघून गेलं. नॉट होम. ठरवून नाही बोलले मी, शपथ… हळू बोल, कान फुटेल माझा… कळतंय मला काय केलंय ते. नऊ वर्षं, हो, मीच सांगितलं ना तुला आत्ता, नऊ वर्षं. मला मोजून दाखवू नकोस…

तू ऐकणार आहेस का? सासरे गेले ते आठव. इथल्याच हॉस्पिटलात, दोन वर्षांपूर्वी. तिसऱ्या दिवसापासून विचारत होते, पद्मी आली का? मी लंडनला फोन केला. यतीनला बोलवेना, तो बाहेर गाडीत बसून रडत होता, मी केला. काय म्हणाली माहितीये? 'सुलेखा, आय ॲम कव्हरिंग. दहा दिवस जागेवरून हलता येत नाही.' आणि त्या दहा दिवसांत मुख्य बाईला साधी उचकी लागली नाही! मी इकडे सासऱ्यांना सांगतेय, निघाल्यात. विमानात बसल्यात. बर्फामुळे विमान थांबलंय, उद्या येतील. परवा येतील. त्या विमानाची वाट बघत गेला ना तो माणूस. शेवटचा प्रश्न काय होता त्यांचा? 'बर्फ थांबला का?'… आणि एप्रिल होता गं! बाहेर ट्यूलिप फुलले होते!…

हो, खोटं. पण हिच्यासाठी खोटं मी आज पहिल्यांदा बोललेली नाही. तेव्हा बोलले तेव्हा सगळे म्हणाले, सुलेखानं किती सांभाळून घेतलं. तीच जीभ आहे ही…

माझ्या गाण्याचं काढू नकोस. त्याचा काही संबंध नाही… नाही म्हणतेय ना! विशारद झाले, सात वर्षं पहाटे उठून खर्ज लावला, सगळं खरं, पण त्याचा मत्सर म्हणून नाही… बरं, ऐक. लग्न होऊन लेस्टरला गेले तेव्हा सासऱ्यांनी गायला बसवलं. ताई समोर. संपल्यावर टाळ्या वाजवल्या तिनं. म्हणाली, 'किती छान छंद आहे.' छंद! तिकिटं जमवतात तसा! मी कोणाला सांगितलं नाही हे, यतीनलाही नाही. पण त्यानंतर तानपुऱ्याची गवसणी काढली नाही मी. आता बेसमेंटमध्ये आहे, ख्रिसमसच्या झाडामागे… म्हणजे झाला मत्सर. झाला ना, झाला! ऐकायचं होतं ना तुला तेच?…

… …

आईला मध्ये आणू नकोस… आपली आई काय म्हणाली असती ते मला माहितीये. मारलं असतं तिनं मला, लाटण्यानं… हो… हो… रडू नकोस गं तू. आता तू कशाला रडतेस?…

वीस. चार वीस झाले… हो, दहा मिनिटं आहेत अजून. फोन केला की काम झालं. मी कारनं सोडेन थेट, ट्रेनची वाट कशाला, बर्फावर मीठ टाकलंय, रस्ता मोकळा आहे… हो. बरं. बरं बाई, सांगते. म्हणते, आत्ताच आला फोन. गालिचा-बिलिचा काही नाही, सरळ सांगते, आत्ता आला, पळा. झालं?… हो, सांगतेच. नळ बंद झाला बघ. उतरतेय ती. तू धर, ठेवू नकोस, तू असलीस की मला जरा…

या ताई. बसा. अहो, मी आत्ता तुम्हालाच… काय? थांबा, चष्मा… संध्या, धर हं, काहीतरी लिहिलंय… काय लिहिलंय?… 'आईचे केस कोणी कापले?'

… मी कापले.

मी, मी कापले. कात्री त्या ड्रॉवरमध्ये आहे… हो, कमरेपर्यंत होते, माहितीये मला, मीच विंचरत होते ना सहा वर्षं. गुंता होतो. मागे घाम येतो, झोपून झोपून डोक्याला फोड आला होता. आठवड्यातून दोनदा न्हायला घालते मी त्यांना, एकटी, खुर्चीवर बसवून… काय, आता काय लिहिताय?… 'विचारायचं होतं.' कोणाला? त्यांना? त्या म्हणाल्या असत्या पद्मी! की तुम्हाला विचारायचं होतं, लंडनला फोन करून?…

पुसा. पुसा ते… आणखी काय? 'फोन आला?'

… नाही.

नाही ताई. माझी बहीणच आहे अजून लाइनवर. आला तर मला टुक टुक ऐकू येतं, सांगेन ना मी. जा, आईजवळ बसा. टेप संपली असेल, जरा गुंडाळून परत लावा. आज तुम्ही लावा… हो, दार लोटून घ्या.

… …

हं. गेली आत… ऐकलंस ना सगळं?… मी सांगणार होते गं. शपथेवर सांगते, तोंड उघडलं होतं मी. 'पळा ताई' म्हणणार होते. आणि ती मला केसांचा जाब विचारते! सहा वर्षांत त्या बाईंच्या अंगाला किती ठिकाणी तीळ आहेत हे मला माहीत, आणि तिला केस दिसले…

चार चोवीस… नाही. आता नाही… नाही म्हणजे नाही…

तिला फोन दे म्हणतेस? देत नाही… कर की! थिएटरला करतेस? कुठल्या थिएटरला, नाव माहितीये तुला? शोध जा… अच्छा, ठेवून परत करणार, म्हणजे रिंग वाजेल आणि ती धावत येईल? हुशार आहेस. लहानपणापासून हुशार. पण मी रिसीव्हर खाली ठेवलाच नाही तर वाजेल कुठून? टुक टुक माझ्याच कानात होणार. तिला कोण सांगणार आहे? ओरडून ओरडून तू पार्सिपनीहून किती ओरडणार?…

हो, आहे मी दुष्ट. बोल अजून, बोल… विष कालवतेय, हो… ती गायली असती आज, कळतंय मला. तीन हजार माणसं. निळा की कुठला तो झगा, हिच्या मापाचा. आणि या वेळी पाठमोरी नाही, समोर तोंड करून. मला सगळं कळतंय संध्या, तुझ्यापेक्षा जास्त कळतंय, मी गाणाऱ्यातली आहे. पहाटे उठून ज्यानं गळा घासलाय त्यालाच कळतं आपण काय हिरावून घेतोय ते. अडाणी बाई असते तर मला क्षमा तरी असती…

आणि सकाळी जाईल ती विमानात बसून. मी इथेच. रविवारी तीस बायकांना तिळगूळ देणार, गोड बोला म्हणणार… तू हसलीस का आत्ता? नाही? मग मला वाटलं कोणीतरी… काही नाही. श्वास कोणाचा लागलाय एवढा, तुझा? जिना चढलीस का?…

चार अठ्ठावीस… अगं, बोलता बोलता एक पोळी टाकली होती, ती जळली माझी. गूळ फुटून बाहेर आला तव्यावर, धूर झालाय नुसता. थांब, गॅस बंद करते…

हं. बोल… नको करूस विनवण्या, दोन मिनिटांत काय होणार आहे… सासऱ्यांनाही मी अशीच दोन-दोन मिनिटं करून चार दिवस फसवलं. जातात मिनिटं. बघत राहिलं घड्याळाकडे की जातात…

एकोणतीस…

…

तीस. झालं. आता त्या दुसऱ्या बाईला फोन लागला असेल… … संध्या?… अगं, बोल की. काय? … काय म्हणालीस?… बरं. नको करूस. आयुष्यात परत फोन करू नकोस, ठीक आहे. दिवाळीलाही नको. हो, ठेव. ठेव म्हटलं ना, ठेव!…

… ठेवलास?…

… …

हॅलो?… संध्या, आहेस अजून?… मग बोल ना. नुसती श्वास काय घेतेस… हॅलो? कोण आहे?…

… आई?

आई, तुम्ही उचललाय का? ठेवा बरं. तुमचा नाहीये फोन… कधी उचललात?… आई, कधीपासून धरून बसलाय तो?… काय? … पद्मी, हो. ऐकू येतंय मला. काय हवंय, पाणी हवंय? पांघरूण? पद्मी काय, नीट… आलेच मी, ठेवा तुम्ही आधी. दुसऱ्या कोणाला देऊ नका तो, ठेवा. आई, ठेवा म्हणते ना!…

… …

हॅलो?…

… ताई?

अहो ताई… अहो, आज बोलायचं नसतं ना तुम्हाला… … काय?… … हो, ओट्यावरचं घड्याळ बरोबर आहे… चार चौतीस.